खानावळीची वही : एका एकपात्री प्रयोगाच्या नोंदी

४ जून २०२३

प्रयोगाचा गाभा आज ठरला. लालबागच्या चाळीत माझ्या आईने चालवलेली खानावळ आणि १९८२ च्या गिरणी संपाच्या काळात त्या खानावळीत थकलेली उधारी, एवढाच त्याचा विषय राहील. माझे पुढचे शिक्षण, नोकरी, लग्न यांतले काहीही त्यात येणार नाही. दिग्दर्शिकेचे म्हणणे असे की, स्वतःची गोष्ट रंगमंचावर सांगणाऱ्याला सगळे आयुष्य सांगून टाकण्याचा मोह होतो आणि मग प्रेक्षकांच्या वाट्याला जन्मापासून आजवरचा आढावा येतो. मला ते पूर्ण पटते. बोट ठेवून दाखवता येईल असा आयुष्याचा एकच तुकडा हाताशी असावा. माझ्याकडे तो वस्तुरूपात आहे : लाल कापडी पुठ्ठ्याची, लांबट आकाराची हिशेबाची वही. आईला लिहिता येत नव्हते आणि वडील रात्रपाळी करून आल्यावर दुपारपर्यंत झोपलेले असत, म्हणून तिसरीत गेल्यापासून वहीचे काम माझ्याकडे आले. आई तव्यापुढे बसून सांगायची आणि मी लिहायचे.

११ जून २०२३

वही पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत सलग वाचली. प्रत्येक मेंबरला, म्हणजे महिन्याच्या हिशेबाने जेवणाऱ्या माणसाला, एक पान आहे. वर नाव, त्याखाली गिरणीतले खाते आणि पाळी, मग महिन्याच्या रेघा : जेवणाचे दिवस, जमा, बाकी. साचेखात्यातले, म्हणजे मागावर कापड विणणारे लोक सर्वांत जास्त, खालोखाल रिंगखात्यातले, म्हणजे सूत कातणारे. काही पानांवर ‘बदली’ असे लिहिले आहे, म्हणजे ज्याला रोज गिरणीच्या दारात उभे राहून काम मिळते की नाही ते पाहावे लागे असा कामगार. त्याची बाकी संपापूर्वीही कधी पूर्ण फिटलेली दिसत नाही.

१८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली मुंबईतल्या सुमारे अडीच लाख गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. वहीत त्या दिवशी ‘संप’ हा शब्द कुठेही नाही. दुपारच्या जेवणाच्या खुणा तेवढ्या वाढलेल्या आहेत, कारण पहिल्या पाळीचे लोकही त्या दिवशी जेवायला घरी होते. पुढे फेब्रुवारीपासून जमेचा रकाना रिकामा होत जातो आणि एप्रिलपासून एकेका पानाच्या तळाशी माझ्या अक्षरात एकच नोंद येऊ लागते : ‘गावी गेला’. त्यापुढे पान कोरे.

नऊ वर्षांच्या मुलीला गावी जाणे म्हणजे मे महिन्यात आपण जातो तसे जाणे, एवढेच ठाऊक होते. तिने त्या शब्दांत कसलाही भाव घातलेला नाही. तो संप अधिकृतपणे कधी मागेच घेतला गेला नाही आणि त्यातले कितीतरी लोक गिरणीत परत आले नाहीत, हे आज वाचणाऱ्या मला माहीत आहे. माझ्या मते सगळा प्रयोग या दोघींच्या मधल्या जागेत घडायला हवा. एकीला काही कळत नाही आणि दुसरीला सगळे कळून चुकले आहे; रंगमंचावर शरीर मात्र एकच आहे.

२५ जून २०२३

आजची बैठक तालमीपेक्षा चर्चेतच गेली आणि ती उपयोगी ठरली. एका माणसाने उभे राहून ‘मी’ म्हणत दोन तास बोलणे मराठी प्रेक्षकाला नवे नाही. पु. ल. देशपांड्यांच्या ‘असा मी असामी’तला ‘मी’ रंगमंचावर आपल्या जन्मापासूनची हकीकत सांगतो, पण तो धोंडो भिकाजी जोशी आहे, पु. ल. नव्हेत, आणि हे प्रेक्षकाला पहिल्या वाक्यापासून माहीत असते. सुषमा देशपांडे यांनी १९८९ पासून ‘व्हय, मी सावित्रीबाई’ केले; तिथे ‘मी’ म्हणणारी बाई दुसऱ्या एका, खऱ्या आणि दिवंगत स्त्रीचे आयुष्य बोलते. दोन्ही ठिकाणी बोलणारा आणि ज्याच्याविषयी बोलणे चालले आहे तो, या दोघांत एक स्वच्छ अंतर आहे. माझ्या बाबतीत ते अंतर आयते मिळणार नाही. माझे नाव, माझे आडनाव, माझी आई, आणि तिकीट काढून आलेल्यांपैकी काही जण त्याच चाळीतले. अंतर मलाच निर्माण करावे लागेल, आणि त्यासाठी हाताशी असलेली एकच गोष्ट म्हणजे चाळीस वर्षांचा काळ.

दिग्दर्शिकेने स्पॉल्डिंग ग्रे या अमेरिकन नटाच्या पद्धतीविषयी सांगितले. न्यूयॉर्कच्या ‘द परफॉर्मिंग गराज’मध्ये १९७९ पासून तो स्वतःच्या आयुष्यावरची एकट्याची निवेदने करत असे. टेबल, पाण्याचा ग्लास, वही, एवढेच नेपथ्य. तो पाठांतर करत नसे. मुद्द्यांचा आराखडा समोर ठेवून प्रेक्षकांपुढेच बोलायचा, ते ध्वनिमुद्रित करायचा, ऐकायचा आणि पुढच्या वेळी बदलायचा. संहिता अशी प्रयोगांतूनच तयार होत जायची. मला टेबल नको आहे, पण ऐकून बदलण्याची रीत मात्र आम्ही घेतली आहे. आजपासून प्रत्येक तालीम फोनवर मुद्रित होईल आणि दुसऱ्या दिवशी मी ती घरी एकटीने ऐकेन.

मला स्वतःला या कामासाठी आपल्याकडचा कीर्तनकार अधिक जवळचा वाटतो. उत्तररंगात, म्हणजे कीर्तनाच्या उत्तरार्धात, आख्यान सांगताना तो क्षणात द्रौपदी होतो, क्षणात दुःशासन, आणि पुढच्याच क्षणी उपरणे सावरून श्रोत्यांकडे वळत ‘बघा मंडळी’ म्हणतो. वेश बदलत नाही, प्रकाश बदलत नाही. श्रोत्यांचा गोंधळ होत नाही, कारण प्रत्येक वेळी त्याची नजर कुठे आहे हे त्यांना दिसत असते.

९ जुलै २०२३

नजरेचे सूत्र आज तालमीत लावून पाहिले. सुरुवातीला लहानपणीच्या ‘मी’साठी पाट आणि आजच्या ‘मी’साठी खुर्ची अशी विभागणी मनात होती. दिग्दर्शिकेने ती अर्ध्या तासात रद्द केली, आणि तिचे कारण मी इथे मुद्दाम लिहून ठेवते : जागा ठरवून दिली की प्रेक्षक पाट-खुर्ची बघून ओळखतो, ऐकणे बंद करतो.

त्याऐवजी असे ठरले. मुलगी बोलते तेव्हा नजर वर, म्हणजे उभ्या असलेल्या मोठ्या माणसाच्या चेहऱ्याच्या उंचीवर, क्रियापद वर्तमानकाळी, वाक्ये लहान आणि एकामागून एक, मध्ये ‘म्हणून’ किंवा ‘कारण’ नाही. नऊ वर्षांचे मूल काय घडले ते सांगते, का घडले ते सांगत नाही. आजची बाई बोलते तेव्हा नजर थेट प्रेक्षागृहात, भूतकाळ, आणि कार्यकारणभाव असलेली लांब वाक्ये. ‘आई पातेले घासते. मामा दारात उभे आहेत. मामा आत येत नाहीत.’ हे मुलीचे. ‘ज्या माणसाने सहा वर्षे आमच्या घरात दोन वेळा पान मांडले, तो बाकी देता येत नाही म्हणून उंबऱ्याबाहेर थांबू लागला होता.’ हे बाईचे. दोन्ही एकाच क्षणाविषयी आहेत. मुद्रण ऐकताना मुलीच्या वाक्यांत दोन-तीन ठिकाणी बाईचा कढ मिसळल्यासारखा वाटला. ‘मामा आत येत नाहीत’ हे वाक्य गृहपाठ सांगावा इतक्या सरळ आवाजात यायला हवे. दुःख त्या वाक्यात आधीच आहे. त्यात वरून घालण्याची गरज नाही.

३० जुलै २०२३

भाकरीचा प्रश्न सुटला. माझ्या मनात पहिल्यापासून होते की रंगमंचावर तांदळाची भाकरी व्हावी. नाट्यगृहात उघड्या ज्योतीला परवानगी मिळणे कठीण, आणि मिळाली तरी स्टोव्हच्या आवाजाखाली शब्द दबतील. म्हणून भाजणे वगळले आणि फक्त पीठ मळणे व थापणे ठेवले. तांदळाच्या पिठाला कढत पाणी लागते. ते थर्मासमध्ये आणायचे, परातीत पिठावर ओतायचे, उलथण्याने ढवळायचे, थोडे निवले की तळहाताच्या टाचेने मळायचे. पाणी कमी कढत असले तर भाकरी थापताना कडेने फाटते, आणि तसे तालमीत झालेही. परात रंगमंचाच्या मधोमध, वही उजव्या हाताशी, पण पिठाचा हात वहीला लागता कामा नये एवढ्या अंतरावर.

याचा अनपेक्षित लाभ असा की हात गरम पिठात असताना आवाज आपोआप कोरडा आणि कामाचा राहतो. आईही असेच बोलायची. उधारीची सगळी संभाषणे तिने पीठ मळता मळता, समोर न बघता केलेली मला आठवतात. तेव्हा समोरच्या माणसाला संकोच वाटू नये म्हणून ती वर बघत नसावी, हे मला या तालमीत प्रथमच सुचले. कॉलर माइक मात्र थापण्याचा प्रत्येक ठोका छातीवर आदळल्यासारखा पकडतो. ध्वनीवाल्या मित्राने परातीखाली घडी केलेले गोणपाट घालायला सांगितले. पुढच्या तालमीत बघू.

१९ ऑगस्ट २०२३

कुडाळजवळच्या गावी जाऊन आईपुढे वाचन केले. भाऊही होता. आईचे वय आता ऐंशीच्या पुढे आहे. तिने पडवीत बसून सगळे ऐकले, मध्ये दोनदा थांबवले. पहिल्यांदा पिठाच्या मापावरून : ‘इतक्या माणसांक एवढ्या पिठात काय व्हता?’ तिने खरे माप सांगितले, ते मी संहितेत बदलले.

दुसऱ्यांदा तिने थांबवले ते शेवटाकडे. ‘आणि मग खानावळ बंद पडली’ असे माझे वाक्य होते. ती म्हणाली, ‘खानावळ बंद पडूक नाय. जेवणारी माणसां गेली.’ माझ्या दृष्टीने या सगळ्या प्रकल्पातला हा सर्वांत मोलाचा अभिप्राय आहे. माझ्या वाक्यात पराभव खानावळीचा होता, म्हणजे तिचा. तिच्या लेखी चूल शेवटपर्यंत पेटत होती आणि पाने मांडलेली होती. आता ते वाक्य तिच्याच शब्दांत, मालवणीतच येईल, आणि प्रयोगात तिच्या तोंडचे म्हणून तेवढे एकच वाक्य राहील.

मोठ्या पितळी टोपांविषयी मात्र घरात एकमत झाले नाही. मला आठवते की ते गहाण पडले; भाऊ म्हणतो की ते विकले, आणि नेणाऱ्याची हातगाडी त्याने स्वतः पाहिली. आई ‘गेले ते गेले’ म्हणून हसली आणि निर्णय द्यायला तिने नकार दिला. दिग्दर्शिकेला फोनवर हे सांगितले तेव्हा ती म्हणाली की दोन्ही ठेव. त्यामुळे प्रयोगात मी माझी आठवण सांगेन, लगेच भावाची सांगेन, आणि वहीत याची नोंद नाही हेही सांगेन. आत्मकथन करणाऱ्याला आठवणीवर विश्वास ठेवल्याखेरीज गत्यंतर नसते, परंतु ती एकट्याची आहे हे प्रेक्षकाला दिसत राहिले पाहिजे.

१० सप्टेंबर २०२३

नावांचा निर्णय. वहीत प्रत्येक माणसाचे नाव आहे, गाव आहे आणि देणे आहे. ही माणसे किंवा त्यांची मुले-नातवंडे कुठल्याही प्रयोगाला येऊन बसू शकतात. उधारी ही घराण्याच्या अब्रूची गोष्ट असते, आणि चाळीस वर्षांनंतर ती भर सभागृहात नावानिशी वाचण्याचा अधिकार वही माझ्या ताब्यात आहे एवढ्याने मला मिळत नाही. माझी गोष्ट सांगायचा हक्क माझा; त्यांची माझ्या गोष्टीत किती यावी याला मर्यादा हवी. म्हणून नाव, गाव आणि आकडा यांतले काहीही वाचायचे नाही. फक्त खाते आणि पाळी : ‘साचेखाते, रात्रपाळी. गावी गेला.’ ‘रिंगखाते, दुसरी पाळी. गावी गेला.’ वाचून पाहिले तेव्हा जाणवले की या रूपात यादीला अधिक वजन येते, कारण ऐकणारा तिथे आपल्या माहितीतला माणूस बसवू शकतो.

एका मेंबरचा प्रसंग याला अपवाद म्हणून थोडा सविस्तर राहील. तो कामगार कल्याण मंडळाच्या नाट्यस्पर्धेत काम करायचा आणि जेवता जेवता भाकरीचा तुकडा हातात धरून आपली वाक्ये पाठ म्हणायचा. समोरच्या पात्राची वाक्ये वाचायला मला बसवायचा. नाटक म्हणजे काय हे मी खानावळीत शिकले. त्याच्या मुलाशी बोलणे झाले असून त्याने आनंदाने संमती दिली आहे. तरीही नाव येणार नाही.

८ ऑक्टोबर २०२३

महाराष्ट्रात जाहीर प्रयोग करायचा तर संहिता आधी तपासणीसाठी रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे द्यावी लागते. त्यामुळे ग्रेच्या पद्धतीने प्रयोगागणिक संहिता बदलत नेणे आम्हांला शक्य नाही. बोलून बोलून घडलेला मजकूर कधीतरी कागदावर पक्का करावाच लागतो. आज तो केला. मुद्रणांवरून उतरवून घेतलेल्या पानांतून जे दर वेळी जवळजवळ त्याच शब्दांत आले होते ते ठेवले. जे दर वेळी वेगळे येत होते त्यातले बरेचसे गळले. माझा अनुभव असा की जी आठवण खरोखर मुरलेली असते तिचे शब्द फारसे हलत नाहीत.

सर्वांत जास्त कात्री बाईच्या भागाला लागली. मुंबई औद्योगिक संबंध कायदा, १९४६ नुसार गिरणी कामगारांच्या वतीने वाटाघाटी करण्याचा अधिकार फक्त मान्यताप्राप्त संघटनेला, म्हणजे राष्ट्रीय मिल मजदूर संघाला होता, आणि बहुसंख्य कामगार सामंतांच्या मागे असूनही मालक व सरकार त्यांच्याशी बोलणी करायला बांधील नव्हते. संप इतका का लांबला हे समजायला हे आवश्यक आहे. माझ्याकडे या भागाची पाच पाने होती. आता तीन वाक्ये आहेत, आणि ती मळलेले पीठ झाकून ठेवताना येतात. संपाचा सविस्तर इतिहास इतरांनी नीट लिहिला आहे. खानावळवाल्या बायांनी संप कसा जेवू घातला, हे मात्र थोड्या ठिकाणी आले आहे. १९७५ मध्ये प्रेमा पुरव यांनी अन्नपूर्णा महिला मंडळ उभे केले आणि या बायांना बँकेच्या कर्जाची वाट मोकळी झाली, तोवर त्यांचे सगळे भांडवल वाण्याच्या उधारीवर चाले. कामगार आईचे देणे लागत होता, आई वाण्याचे देणे लागत होती, आणि दोन्ही टोकांचा ताण तिच्या परातीवर येत होता. त्यासाठी एक पूर्ण प्रवेश राखून ठेवला आहे.

१९ नोव्हेंबर २०२३

लालबागमध्ये एका मंडळाच्या हॉलमध्ये साधे वाचन, प्रकाशयोजना नाही, माइक नाही. पहिल्या रांगेत निवृत्त गिरणी कामगार. यादीला सुरुवात होताच एक गृहस्थ प्रत्येक ‘गावी गेला’नंतर हळूच ‘गेला’ म्हणू लागले, आणि बघता बघता मागच्या दोघांनीही साथ धरली. वेग कमी करून मी त्यांना जागा दिली. दिग्दर्शिकेचे मत आहे की हे इतर ठिकाणी घडवून आणायचा प्रयत्न मुळीच करायचा नाही. झाले तर झाले. मीही त्याच मताची आहे. प्रेक्षकाकडून हुकमी प्रतिसाद काढणे या गोष्टीला शोभणारे नाही.

एका काकूंनी नंतर हात धरून विचारले, ‘तुझ्या आईने वाण्याचं फेडलं का गं?’ संहितेत याचे उत्तर नव्हते. आई ते पुढे कित्येक वर्षे धुणीभांडी करून फेडत होती. घरी येऊन ते एका वाक्यात लिहिले आणि वाण्याच्या प्रवेशाच्या शेवटी जोडले.

१७ डिसेंबर २०२३

प्रकाशयोजना पूर्ण झाली : एकच पांढुरका वॉश, म्हणजे सगळ्या मंचावर सारखा पसरलेला प्रकाश, परातीवर थोडा अधिक. मुलगी आणि बाई यांच्यासाठी वेगळे रंग नकोत, हे पाटा-खुर्चीच्याच कारणाने. गोणपाटाची युक्ती लागू पडली.

१४ जानेवारी २०२४

पहिला प्रयोग १८ जानेवारीला, संपाच्या दिवशी लावावा अशी सूचना दोघा-तिघांनी आपुलकीने केली. मी नाही म्हटले. त्या दिवशी लोक संपाला अभिवादन करायला येतील आणि ते योग्यच आहे. पण प्रयोगात त्या तारखेला वहीत काहीच लिहिलेले नाही, फक्त जेवणे वाढली आहेत, ही गोष्ट ऐकायला मोकळे कान लागतात. फेब्रुवारीतला एक रविवार घेतला आहे.

रंगीत तालमीत यादीच्या मध्यावर माझा श्वास अडकू लागला. दिग्दर्शिकेने थांबवले नाही, पण नंतर स्पष्ट बोलली : रंगमंचावर रोज जखम उघडून दाखवायची असेल तर दहाव्या प्रयोगाला तुझ्याकडे दाखवायला काही उरणार नाही. जे अजून ओले आहे ते घरी ठेव, जे वाळून हातात धरता येते तेच इथे आण. यादीतल्या पानांपैकी वडिलांच्या गिरणीचे पान मी काढून टाकले आहे. ते आणखी काही वर्षांनी कदाचित येईल.

२५ फेब्रुवारी २०२४

दोन प्रयोग झाले. पहिल्याला घरची आणि नाटकातली मंडळी जास्त. दुसऱ्याला बहुतेक अनोळखी, त्यात विशीतली मुलेमुली बरीच, ज्यांनी लोअर परळ फक्त मॉल आणि कचेऱ्यांचे म्हणून पाहिले आहे. त्यांना ‘बदली’ आणि ‘पाळी’ हे शब्द लागले नाहीत असे चर्चेत कळले. मुलीच्या तोंडी स्पष्टीकरण घालता येणार नाही. म्हणून बदली कामगाराच्या पानापाशी मुलगी त्याला सकाळी गिरणीच्या दारातून परत येताना पाहते, एवढे दृश्य वाढवते आहे. चार वाक्ये पुरतील.

प्रयोगानंतरच्या चर्चेविषयीही ठरवले. मंचावर खुर्ची घेऊन उत्तरे द्यायला बसले की लोक माझ्या आयुष्याविषयी विचारत राहतात. दुसऱ्या वेळी मी पिठाचे हात धुऊन खाली प्रेक्षकांत येऊन बसले, तर लोक एकमेकांशी बोलू लागले. कोणाची आजी खानावळ चालवायची, कोणाचे आजोबा साचेखात्यात होते. यापुढे असेच. वाढवलेली चार वाक्ये मंगळवारी टंकून दिग्दर्शिकेकडे द्यायची आहेत, आणि मार्चच्या प्रयोगाला नवा थर्मास हवा. जुन्यात पाणी चाळीस मिनिटांत कोमट होते आणि भाकरी फाटते.